एका गळ्याच्या चार नोकऱ्या

२२ सप्टेंबर २०२० ला आशालता वाबगावकर गेल्या. साताऱ्याकडे एका मालिकेचं चित्रीकरण चालू होतं, तिथेच त्यांना कोरोना झाला. टीव्हीवर दिवसभर 'ज्येष्ठ अभिनेत्री' एवढंच झळकत राहिलं. आमच्या घरात मात्र आई बातमी ऐकून खुर्चीत बसली आणि तिच्या तोंडून आधी निघालं ते 'गर्द सभोवती रान साजणी'. बाजूला बसलेल्या भाच्यानं विचारलं, "मामा, म्हणजे ही गाणारी की काम करणारी?"

'काम करणारी' म्हणजे नाटकात काम करणारी. आमच्या अंत्रुजात, म्हणजे गोव्यातल्या फोंडा महालात, 'तू यंदा काम करतोस?' असं विचारलं तर ते नोकरीबद्दल नसतं, जत्रेतल्या नाटकाबद्दल असतं. प्रश्न चौदा वर्षांच्या पोराचा, पण त्याला एका वाक्यात उत्तर देता येईना. मी देवळातल्या उत्सवी नाटकांना ऑर्गन वाजवतो. गाणारे नट माझ्या उजव्या हाताला चार हातांवर उभे असतात, त्यांचं सगळं मला दिसतं आणि ऐकू येतं. त्याच जागेवरून उत्तर देऊन बघतो.

आधी संगीत नाटक म्हणजे काय ते बघू, कारण गाणी असलेलं प्रत्येक नाटक संगीत नाटक होत नाही. आपल्याकडच्या तियात्राचंच, म्हणजे गोव्यातल्या कोकणी नाटकाचंच उदाहरण घ्या. तियात्रात दोन पड्ड्यांच्या, म्हणजे प्रवेशांच्या मध्ये कलाकार येतो, कांतार म्हणजे गाणं म्हणतो, सरकारची, नवऱ्याची, महागाईची टर उडवतो आणि जातो. त्या कांताराचा कथेशी संबंध असायलाच हवा असं नाही. तीही गाणाऱ्या नटांचीच रंगभूमी आहे, पण तिथे गाणं कथेच्या बाहेर उभं राहतं. संगीत नाटकात गाणं कथेच्या आत असतं. पात्र बोलत असतं, बोलणं अपुरं पडतं आणि ते गाऊ लागतं.

हे पहिल्यापासून असंच होतं असं समजू नका. विष्णुदास भाव्यांनी १८४३ ला सांगलीत नाटक उभं केलं तेव्हा गायचं ते मुख्यतः सूत्रधारानं. पात्रांनी हावभाव करायचे, संवाद म्हणायचे, राक्षसांनी आरडाओरडा करायचा. १८८० ला अण्णासाहेब किर्लोस्करांनी पुण्यात 'शाकुंतल' लावलं आणि ज्याचं पद त्यानंच म्हणायचं, ही रीत पक्की झाली. गायक-नट नावाचा धंदा तिथून सुरू झाला. सूत्रधाराची नोकरी निम्मी झाली असणार, पण त्याबद्दल कोणी हळहळल्याचं वाचनात नाही.

आता या धंद्यातली खरी अवघड जागा. लोकांना वाटतं तान अवघड. तान घोटून येते. अवघड असते ती बोलणं संपून गाणं सुरू होण्याची फट. माणूस बोलतो तो खालच्या सुरात, पद सुरू होतं ते बरंच वर. मधे पायरी ठेवली नाही तर नट बोलताना एक माणूस आणि गाताना दुसराच वाटतो. चांगला नट शेवटची दोन-तीन वाक्यं हळूहळू चढवत नेतो. मी तेव्हा षड्ज, म्हणजे सा, अगदी बारीक धरून ठेवलेला असतो, प्रेक्षकाला कळणारही नाही इतका. त्या सुराच्या दोरीला धरून तो वर येतो आणि शेवटच्या शब्दावर पोचतो तेव्हा बोलतोय की गातोय हे सांगता येत नाही. श्वासाचंही तसंच आहे. बोलायला छोटे श्वास पुरतात, पदाच्या पहिल्या ओळीला छाती भरून लागतो. तो भावनेच्या भरात घेतलेला वाटला पाहिजे, गाण्याच्या तयारीचा दिसता कामा नये.

मग पट्टी. पेटीवरच्या पांढऱ्या-काळ्या पट्ट्यांवरून आपण गळ्याची उंची सांगतो. पुरुष साधारण काळी एक-दोनला गातात, बायका काळी चारच्या आसपास. नायक-नायिकेचं पद एकामागोमाग आलं की ऑर्गनवाल्यानं मुकाट्यानं पट्टी बदलायची. आणि वन्समोअर! मरणाच्या दारातला माणूस पद म्हणून आडवा होतो, टाळ्या पडतात, तो उठतो, परत म्हणतो, परत आडवा होतो. नव्या प्रेक्षकाला हे हास्यास्पद वाटतं. मला त्यात नटाची कसोटी दिसते. दुसऱ्यांदा आडवा होतानाही तुम्ही हसला नाहीत, तर तो नट.

अंत्रुजातच इतके गळे कुठून आले?

मंगेशी, बांदिवडे, म्हार्दोळ, कवळे ही गावं एकमेकांपासून स्कूटरनं काही मिनिटांच्या अंतरावर आहेत. इतक्याशा टापूतून संगीताची इतकी मोठी नावं यावीत याला लोक पाण्याचा गुण म्हणतात. पाणी आमचं चांगलंच आहे, पण कारण इतिहासात आहे. सोळाव्या शतकात पोर्तुगिजांनी साष्टी, तिसवाडी, बार्देशातली देवळं पाडायला घेतली तेव्हा लोकांनी देव उचलले आणि नदी ओलांडून अंत्रुजात आणले. कुठ्ठाळीचा मंगेश मंगेशीला आला, केळशीची शांतादुर्गा कवळ्याला, वेर्ण्याची म्हाळसा म्हार्दोळला. हा मुलूख पोर्तुगिजांकडे गेला तो अठराव्या शतकात. म्हणजे मधल्या काळात मोठमोठी देवस्थानं एका छोट्या महालात गर्दी करून राहिली. देवस्थान आलं की सेवा आली, आणि सेवेत गाणं-नाचणं आलं. ती सेवा ज्या बायकांवर लादली गेली त्या कलावंत घराण्यांत स्वर पिढ्यान् पिढ्या घोटला गेला. त्यांना प्रतिष्ठा मिळाली नाही, शिक्षण मिळालं. या दोन गोष्टींची बेरीज-वजाबाकी केल्याशिवाय गोव्याच्या संगीताबद्दल अभिमानानं बोलू नये, असं माझं मत आहे.

मोगूबाई कुर्डीकर लहानपणी नाटक कंपन्यांत होत्या, ख्यालगायिका म्हणून नाव झालं ते नंतर. मास्टर दीनानाथ मंगेशकर १९०० साली मंगेशीला जन्मले. वडील देवळात अभिषेक करणारे, आई येसूबाई कलावंत घराण्यातली. आडनाव गावावरून घेतलेलं. आज नाट्यगृहांना त्यांचं नाव आहे, पणजीच्या कला अकादमीच्या मोठ्या प्रेक्षागृहालाही. पण त्यांचा प्रवास बघितला तर गळ्याच्या एका नोकरीतून दुसरीत जाताना काय होतं ते कळतं.

कंपनी, रेकॉर्ड, बोलपट

दीनानाथ पोरवयात किर्लोस्कर नाटक मंडळीत गेले. १९१८ ला चिंतामणराव कोल्हटकर आणि कृष्णराव कोल्हापुरे यांच्याबरोबर बाहेर पडून त्यांनी बळवंत संगीत मंडळी काढली. वय अठराच्या आत. स्त्रीपार्ट करायचे, 'भावबंधन'मधली लतिका त्यांची गाजली. पुढे मुलीचं हेमा हे नाव बदलून लता ठेवलं ते या लतिकेवरून. 'रणदुंदुभी'तलं 'परवशता पाश दैवे' किंवा 'संन्यस्त खड्ग'मधलं 'मर्मबंधातली ठेव ही' आजही जत्रेत म्हटलं जातं. म्हणणारा दीनानाथांच्या वेगाशी झटापट करतो आणि बहुधा हरतो.

नाटक कंपनी ही गळ्याची पहिली नोकरी. त्या काळी माइक नव्हता. नाटक कंपनीच्या थिएटरात शेवटच्या रांगेतल्या माणसानंही तिकीट काढलेलं, त्याला शब्द पोचायला हवा. म्हणून आवाज उंच, टोकदार, मोकळा लावायचा. यात थोडं शास्त्रही आहे. माणसाचा कान सेकंदाला दोन ते चार हजार कंपनांच्या पट्ट्यात सर्वांत तीक्ष्ण असतो. ज्या गळ्यात त्या पट्ट्यातला झणझणीतपणा जास्त, तो तबला-सारंगीच्या वरून तरंगत मागे जातो. जुन्या नटांचे आवाज रेकॉर्डवर आपल्याला 'पातळ' किंवा 'अनुनासिक' वाटतात ते यामुळेही. ते आपल्या हेडफोनसाठी गात नव्हते, पिटातल्या माणसासाठी गात होते.

रेकॉर्ड ही दुसरी नोकरी. ७८ च्या तबकडीच्या एका बाजूला साधारण सव्वातीन मिनिटं मावायची. रंगमंचावर जे पद वन्समोअर घेत, आलाप-ताना फुलवत रंगायचं, ते इथे सव्वातीन मिनिटांत बसवायचं. समोर प्रेक्षक नाही, पात्राचा पोशाख नाही, आधीचा संवाद नाही. ज्यांना फक्त प्रेक्षकांच्या टाळीवर चढायची सवय होती त्यांची पंचाईत झाली. ज्यांना थोडक्यात सांगता येत होतं त्यांची गाणी घराघरांत गेली.

तिसरी नोकरी बोलपटाची, आणि इथे बऱ्याच जणांचा पाय घसरला. १९३१ ला 'आलम आरा' आला, १९३२ ला मराठीत 'अयोध्येचा राजा'. नाटक कंपनी म्हणजे फिरतं बिऱ्हाड होतं. नट, साथीदार, शिंपी, आचारी, पडदे, पेटारे, सगळ्यांचं जेवणखाण मालकाच्या अंगावर. बोलपट म्हणजे डब्यातली रिळं. तीच रिळं दहा गावांत लागतात आणि जेवायला मागत नाहीत. कंपन्या या गणितात हरल्या. दीनानाथांनी सांगलीत बळवंत पिक्चर्स काढून १९३४ ला 'कृष्णार्जुन युद्ध' केला. तो चालला नाही, कर्ज वाढलं, कंपनी बंद पडली. १९४२ च्या एप्रिलमध्ये पुण्यात ते गेले तेव्हा वय एक्केचाळीस. बालगंधर्वही १९३५ ला 'धर्मात्मा'त एकनाथ झाले, पण ते पडद्यावर रमले नाहीत.

एवढे मोठे नट, मग बिनसलं कुठे? पैशाचं गणित एका बाजूला ठेवलं तरी कामाची जातच वेगळी होती. पहिल्या बोलपटांत गाणं आणि चित्र एकदम टिपायचे. तबलजी, पेटीवाला झाडामागे किंवा चौकटीच्या बाहेर लपलेले. माइक एका जागी, नटानं मान वळवली की आवाज खाली. रंगमंचावर नट शेवटच्या रांगेकडे बघून गातो, इथे कॅमेरा हातभर अंतरावर. तिथे भुवई उंचावली तर अभिनय, इथे तीच भुवई पडद्यावर दारावरच्या कमानीएवढी दिसते.

आणि मग १९३५ च्या सुमाराला पार्श्वगायन आलं. गाणं आधी वेगळं ध्वनिमुद्रित करायचं, चित्रीकरणाच्या वेळी ते वाजवायचं, नटानं ओठ हलवायचे. वरवर बघता ही नुसती सोय होती. पण तिनं किर्लोस्करांनी १८८० ला जोडलेली गाठ सोडवली. गाणारा एक, दिसणारा दुसरा, असं चालू शकतं हे एकदा कळल्यावर दोन्ही येणारा माणूस शोधायची गरज निर्मात्याला राहिली नाही. सूत्रधार गातोय आणि पात्रं हातवारे करतायत, ती भाव्यांच्या काळची व्यवस्थाच नव्या कपड्यांत परत आली, असं मला कधीकधी वाटतं.

हा खांदेपालट ज्यांनी अंगावर घेतला आणि तरी टिकल्या त्या ज्योत्स्ना भोळे. मूळच्या बांदिवड्याच्या दुर्गा केळेकर, जन्म १९१४. १९३३ ला नाट्यमन्वंतर या संस्थेच्या 'आंधळ्यांची शाळा'त त्यांनी बिंबा केली. हे नाटक रात्रभर चालणारं नव्हतं, पदं मोजकी, आणि बायकांची कामं बायकांनीच केलेली. संगीत त्यांचे पती केशवराव भोळे यांचं. पुढे १९४२ ला मो. ग. रांगणेकरांच्या 'कुलवधू'त त्यांनी म्हटलेलं 'बोला अमृत बोला' आजही लग्नघरात लागतं. बोलताना ज्या आवाजात बोलतो त्याच्याजवळच गायचं, शब्द तानेखाली दाबायचा नाही, अशी ही रीत. ती माइकच्या, रेडिओच्या काळाला चपखल बसली. 'माझिया माहेरा जा' हे त्यांचं भावगीत ऐका. तिथे शेवटची रांगच नाही, एकच माणूस आहे, रेडिओला कान लावून बसलेला.

रेडिओ ही चौथी नोकरी. तिथे ना चेहरा, ना कपडे, ना हावभाव. आशालताबाईंची सुरुवात तिथलीच, मुंबई आकाशवाणीवर कोकणी गाण्यांनी.

आशालताबाईंकडे परत

१९४१ ला गोमंतकीय घरात जन्म, वाढ मुंबईत. मुंबईत १९१९ पासून धी गोवा हिंदू असोसिएशन आहे. गोव्याच्या लोकांनी काढलेली संस्था, पण तिच्या कला विभागानं सगळ्या महाराष्ट्राला नाटकं दिली. 'रायगडाला जेव्हा जाग येते' त्यांचं, 'नटसम्राट' त्यांचं. तिथे आशालताबाई 'संशयकल्लोळ'मधली रेवती झाल्या. रेवती नाटकातही गाणारीच, म्हणजे गाण्याला निमित्त शोधावं लागत नाही. नवख्या नटीला सोयीची भूमिका.

'मत्स्यगंधा' (१९६४) मात्र सोयीचं नव्हतं. वसंत कानेटकरांचं नाटक, संगीत जितेंद्र अभिषेकींचं. अभिषेकी मंगेशीचे, आडनावच देवळाच्या सेवेतून आलेलं. त्यांनी पद आटोपशीर केलं. तीन-चार मिनिटांत भाव मांडून मोकळं व्हायचं, नाटक पुढे जाऊ द्यायचं. रेकॉर्डनं आणि रेडिओनं प्रेक्षकाच्या कानाला जी सवय लावली होती, ती त्यांनी रंगमंचावर आणली. त्यामुळे काम हलकं झालं असं वाटेल, पण उलट झालं. लांब पदात पहिलं आवर्तन बिघडलं तर पुढे सावरायला जागा असते, इथे नसते. आशालताबाईंची सत्यवती 'गर्द सभोवती'त अल्लड आहे आणि 'अर्थशून्य भासे मज'मध्ये आयुष्य हरलेली. आवाज तोच, वय बदललेलं. मी ही दोन पदं लागोपाठ ऐकतो तेव्हा मला गायिका आणि नटी वेगळ्या काढता येत नाहीत.

त्याच नाटकात पराशर होते म्हापशाचे रामदास कामत. 'गुंतता हृदय हे' म्हणणारे. ते एअर इंडियात नोकरी करत आणि नाटकं करत. यातही धंद्याचा एक धडा आहे. कंपनीच्या काळात नट पगारी असायचा. नंतर तो 'नाईट'वर आला, म्हणजे प्रयोगामागे ठरलेलं मानधन. प्रयोग नाही तर पैसा नाही, घसा बसला तर पैसा नाही. म्हणून बहुतेकांची दुसरी नोकरी असायची, किंवा मग चित्रपट.

आशालताबाई चित्रपटांकडे गेल्या. १९८० ला बासू चटर्जींचा 'अपने पराये', १९८६ ला 'अंकुश', आणि मराठी-हिंदीत कितीतरी. आई, सासू, वहिनी, आजी. घर चालवणारी भूमिका आली की त्यांचं नाव पुढे. इथे गळ्याला काम नव्हतं. मी भाच्याला या जागी 'उंबरठा' दाखवला. १९८२ चा, जब्बार पटेलांचा. त्यात 'सुन्या सुन्या मैफिलीत माझ्या' हे गाणं स्मिता पाटीलच्या तोंडी, संगीत हृदयनाथांचं, आवाज लताबाईंचा. म्हणजे गाणं मंगेशीच्या दीनानाथांच्या मुलांनी केलेलं. आणि त्याच चित्रपटात 'मत्स्यगंधा'ची सत्यवती आहे, जी गाऊ शकते आणि गात नाही.

भाचा म्हणाला, "मग ती फुकट गेली की." मी म्हटलं, तसं नाही. त्यांचा एखादा चित्रपट लाव आणि डोळे मिटून नुसते संवाद ऐक. वाक्याचा शेवट त्या कधी गिळत नाहीत, श्वास चुकीच्या जागी घेत नाहीत, आवाज चढवायचा तर पायरीपायरीनं चढवतात. ते गाण्यातूनच आलेलं आहे. स्वतःच्या आठवणींच्या पुस्तकाला त्यांनी नावही 'गर्द सभोवती' असंच दिलं.

हे झालं मोठ्या लोकांचं. आमच्या जत्रेत आजही गाणाराच काम करतो आणि काम करणाराच गातो, कारण पार्श्वगायक ठेवायला कोणाकडे पैसे आहेत? गेल्या मोसमात 'संशयकल्लोळ' होतं. तालीम देवळाच्या अग्रशाळेत, म्हणजे भक्तांच्या उतरायच्या जागेत, रात्री जेवणं झाल्यावर. रेवती एका बँकेत कॅशियर आहे, दिवसभर नोटा मोजून यायची आणि म्हणायची, "आज अर्धी पट्टी उतरवा हं." मी उतरवायचो.

पूर्वी आमच्या रंगमंचावर पुढे दोन फूटमाइक असायचे. पद आलं की नटानं बोलत बोलत तिथवर यायचं, पद म्हणायचं, मग परत मागे जायचं. बापाशी भांडण असो की प्रियकराशी लाडीगोडी, तोंड माइककडे. गेल्या मोसमात कॉलर माइक आणले. आवाजाची जबाबदारी भाच्याकडे, तो आता मोठा झालाय. त्यानं रेवतीला तीनदा समजावलं, "तू मागे बाकावर बसून म्हण, मला सगळं येतंय." ती मान हलवायची. प्रयोगाच्या रात्री संवाद संपत आला, मी षड्ज धरला आणि ती बोलत बोलत बाकावरून उठली. सरळ पुढे आली, जिथे फूटमाइक असायचा तिथे थांबली आणि तिनं श्वास घेतला. भाच्यानं विंगेतून माझ्याकडे बघत कपाळाला हात लावला आणि दुसऱ्या हातानं तिचा आवाज थोडा कमी केला.